सुचतं कसं? नाटक, गाणं, चित्र, वीण आणि मूर्ती यांच्याबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी मूळचा दिव्यांचा माणूस. प्रायोगिक आणि स्पर्धेच्या नाटकांची प्रकाशयोजना करण्यात तरुणपण गेलं. विंगेत उभं राहून बरंच बघितलं. पुढे दिवाळी अंकांसाठी मुलाखती घ्यायला लागलो, तेव्हा गवई, चित्रकार, विणकर, मूर्तिकार यांच्याकडे जाऊन बसायची सवय लागली. आता वर्षातून दोनदा शिबिर घेतो. तिथे विचारणारे बदलतात, प्रश्न तेच असतात. म्हणून एकदाचे लिहून काढतोय.

कलाकाराला सुचतं कसं?

पहिल्या दिवशी, चहाच्या आधी येणारा प्रश्न. माझं म्हणणं असं की आधी आपली क्रियापदं बघा. आपण नाटक ‘बसवतो’. चाल ‘लावतो’. बंदिश ‘बांधतात’, राग ‘मांडतात’, लावणी ‘रचतात’, मूर्ती ‘घडवतात’, रांगोळी ‘घालतात’. चित्र ‘काढतात’, जणू ते आत कुठेतरी होतंच. आणि डहाणूकडच्या वारली बायका लग्नाचा चौक काढत नाहीत, ‘लिहितात’.

‘सुचणं’ फार तर कवितेच्या वाट्याला आलं. बाकी सगळीकडे भाषेनं हाताला काम दिलंय. बसवायचं म्हणजे आधी ते बसत नव्हतं. बांधायचं म्हणजे सुटं होतं. सुचतं ते थोडं आणि सगळ्यांनाच. आमच्या सोसायटीच्या वॉचमनला रोज एक नाटक सुचतं, आणि खोटं कशाला बोलू, त्यातली दोन चांगली होती. पुढचं काम प्रत्येक कलेत वेगळं, कारण प्रत्येक कलेतलं साहित्य वेगळा हट्ट करतं. म्हणून ‘सुचतं कसं’ याऐवजी ‘बसतं कसं’ असं विचारलंत तर मला निदान काहीतरी सांगता येईल.

मग नाटक ‘बसवतात’ म्हणजे नेमकं काय करतात?

आधी वाचन. गोल बसून, आठ-दहा दिवस, कधी महिनाभर. मग उभं राहायचं. हॉलच्या फरशीवर खडूनं दार, खिडकी, जिना आखायचा आणि त्या खडूच्या दारातूनच आत यायचं. आळस करून भिंतीतून आलात तर ओरडा बसतो. मग हालचाली, पाठांतर, सलग तालीम, शेवटी कपडे-रंग-दिव्यांसकट रंगीत तालीम.

हे झालं वेळापत्रक. प्रत्यक्षात काय होतं त्याचा एक नमुना सांगतो. पुण्यातल्या एका शाळेचा हॉल, रात्रीचे साडेनऊ, बाकं भिंतीला लावलेली. एका मुलीचं वाक्य होतं, “ठीक आहे, जा तू.” नवरा घर सोडून निघालाय. तिनं ते रडून म्हटलं, चिडून म्हटलं, कुजबुजून म्हटलं. वीस वेळा तरी झालं असेल. दिग्दर्शक काही बोलेना. मग तो उठला, बाथरूममध्ये गेला, बादली काठोकाठ भरून घेऊन आला. म्हणाला, “ही उचलून मोरीपर्यंत ने. फरशीवर पाणी सांडायचं नाही, खडू पुसला जाईल. मोरीत ठेवलीस की वाक्य म्हण.” ती निघाली. सगळं लक्ष पाण्याकडे. बादली ठेवली, कंबर सरळ केली, थोडा दम लागला होता, आणि मागे न बघता म्हणाली, “ठीक आहे, जा तू.” हॉलमध्ये कुणी हललं नाही. दिग्दर्शक मागच्या पोराला एवढंच म्हणाला, “प्रॉपर्टीच्या यादीत बादली लिही.” मी त्या वाक्यासाठी एक खास स्पॉट योजला होता. घरी जाऊन खोडला.

लेखकानं बादली लिहिली नव्हती. ती तालमीत आली. मोठ्या कामांतही हेच घडतं. ‘घाशीराम कोतवाल’ १६ डिसेंबर १९७२ला पुण्यात भरत नाट्य मंदिरात पहिल्यांदा झालं. संहिता तेंडुलकरांची, दिग्दर्शन जब्बार पटेलांचं, संगीत भास्कर चंदावरकरांचं, नृत्यरचना कृष्णदेव मुळगुंदांची. त्यातली ब्राह्मणांची रांग झुलते, गाते, पाठ फिरवून भिंत होते, पुन्हा वळून माणसं होते. रांग कागदावर आहे. पण ती किती झुलायची, कुठल्या मात्रेवर वळायची आणि वळताना किती भीती वाटली पाहिजे, हे तालमीशिवाय ठरत नाही. हे एकट्या कुणाला सुचलेलं असणं शक्यच नाही.

रोज तेच तेच घोटणाऱ्या गवयाला नवीन काय सुचणार?

हा प्रश्न सहसा तबला किंवा पेटी सोडून दिलेले लोक विचारतात.

रियाज म्हणजे पाठांतर असा समज आहे. पण ख्याल गाणारा बैठकीला बसतो तेव्हा त्याच्याजवळ लिहिलेलं फार थोडं असतं: बंदिशीच्या चार ओळी, रागाचं चलन, ताल. पुढचा पाऊण तास तो तिथल्या तिथे करतो. आलाप, बढत, बोल, ताना, सगळं त्या चार ओळींभोवती. रियाजानं गळा इतका तयार लागतो की मनात आलेली जागा गळ्यातून निघायला मध्ये विचार करावा लागू नये. विचार करायला थांबलात की सम, म्हणजे तालाची पहिली मात्रा, निघून गेली.

मोगूबाई कुर्डीकर शिकवताना जागा दोन-तीनदाच गाऊन दाखवायच्या, तेवढ्यात उचलायची, असं त्यांची मुलगी किशोरीताई आमोणकर सांगत. हे ऐकून आजचे पालक हळहळतात. मला वाटतं त्यात मोठी युक्ती होती. तीनदाच ऐकायला मिळणार हे माहीत असलं की कान वेगळे होतात. शंभरदा ऐकता येणारी गोष्ट आपण एकदाही नीट ऐकत नाही. मोगूबाईंची शिस्त पुढे किशोरीताईंनी आपल्या पद्धतीनं मोडली, वाकवली, त्यावर वादही झाले. पण मोडायला आधी हातात काहीतरी लागतं.

दुसरं उदाहरण कुमार गंधर्वांचं, आणि ते नेमकं उलट आहे. क्षयामुळे ते १९४८च्या सुमारास देवासला आले. डॉक्टरांनी गाणं बंद केलं. काही वर्षं हा माणूस पडून होता आणि माळव्यातल्या बायका जाता-येता गात ती गाणी कानावर पडत होती. लोकधुनांत रागाचं बी असतं हे त्यांनी नुसतं म्हटलं नाही, त्या धुनांमधून संजारी, मालवतीसारखे राग उभे केले. गळा बंद, कान उघडे. रियाजाची ही जात कुठल्या वेळापत्रकात बसत नाही.

आधी शब्द की आधी चाल?

दोन्ही. जुन्या संगीत नाटकांची पुस्तकं उघडून बघा. पदाच्या डोक्यावर लहान अक्षरात ‘चाल : अमुक तमुक’ असं छापलेलं असतं. अण्णासाहेब किर्लोस्करांनी १८८०मध्ये पुण्यात ‘शाकुंतल’ आणलं तेव्हापासूनची ही रीत. चाल लोकांच्या कानात आधीपासून होती: लावणीची, कीर्तनातली, साकी, दिंडी. नाटककार त्या मापाचे शब्द शिवायचा. शिंप्यासारखंच, माप आधी, कापड नंतर.

भावगीतात उलट झालं. कवीनं लिहिलं, संगीतकारानं शब्दांना चाल लावली. यात श्रेष्ठ-कनिष्ठ काही नाही. एवढंच की चालीवर लिहिताना ऱ्हस्व-दीर्घ जागच्या जागी पडावे लागतात, नाहीतर गायकाला ‘फुला’चं ‘फूऽला’ करावं लागतं आणि ऐकणाऱ्याच्या कपाळावर आठी येते. शिबिरात मी पोरांना घरातल्या एखाद्या आरतीच्या चालीवर स्वतःचे चार शब्द बसवायला सांगतो. दहा मिनिटांत घाम फुटतो.

मुदत असली की काम चांगलं होतं की बिघडतं?

मुदतीच्या बाजूनं मी बराच बोलू शकतो, कारण माझं सगळं आयुष्य तिसऱ्या घंटेवर गेलंय.

पुणे आकाशवाणीवरून १ एप्रिल १९५५ला गीतरामायण सुरू झालं. दर आठवड्याला नवं गीत, वर्षभर, आणि मध्ये अधिक महिना आल्यामुळे एकूण ५६. गदिमांनी लिहायचं, बाबूजींनी, म्हणजे सुधीर फडक्यांनी, चाल लावायची. पहिल्याच गीताचा कागद ऐन वेळी सापडेना, तेव्हा गदिमांना खोलीत बसवून ते पुन्हा लिहून घेतलं, हा किस्सा पुण्यात अजून सांगतात. मला त्यातला हरवलेला कागद महत्त्वाचा वाटत नाही. महत्त्वाचं हे की दुसऱ्या आठवड्याला दुसरं गीत द्यायचंच होतं. आणि तिसऱ्याला तिसरं.

दिवाळी अंकांचंही तेच. ‘मनोरंजन’नं १९०९मध्ये ही प्रथा पाडली. तेव्हापासून मराठीतल्या किती कथा केवळ संपादकाच्या फोनमुळे, त्याआधी पोस्टकार्डामुळे, पूर्ण झाल्या असतील याची मोजदाद नाही. गणपती उठले की लेखक फोन उचलत नाहीत, हा स्वानुभव.

पण याच्या अगदी उलट माणसं असतात. चित्रकार वासुदेव गायतोंडे वर्षाला मोजून पाच-सहा कॅनव्हास करायचे. नागपुरात जन्म, जे. जे.मध्ये शिक्षण, नंतर दिल्लीत निजामुद्दीनच्या बरसातीत, म्हणजे गच्चीवरच्या खोलीत, एकट्यानं राहणं. रंग रोलरनं लावायचा, सुरीनं ओढायचा, खरवडायचा, पुन्हा लावायचा. त्याच्या कितीतरी आधी आणि नंतर नुसतं बसून राहायचं. त्यांना कुणी ‘शुक्रवारपर्यंत द्या’ म्हणालं असतं तर? म्हणून मी मुदतीचा कायदा करत नाही. जिथे चार माणसं मिळून काम करतात तिथे मुदत लागते. एकटा माणूस भिंतीसमोर बसलाय, त्याला तुमचं कॅलेंडर लागू नाही.

संहिताच नसेल तर नाटक होतं का?

होतं, आणि रात्रभर होतं. सिंधुदुर्गात कार्तिकापासून जत्रांचा हंगाम सुरू झाला की देवळापुढे दशावतार बघा. सुरुवातीचा आडदशावतार ठरलेला: सूत्रधार, गणपती, रिद्धी-सिद्धी, शारदा, संकासुर. पुढचं आख्यान मात्र छापील नसतं. संध्याकाळी कुठलं आख्यान लावायचं ते ठरतं, भूमिका वाटल्या जातात आणि संवाद जो तो रंगमंचावर करतो.

मी एकदा देवळामागच्या खोलीत, रंगायच्या जागी, कोपऱ्यात बसलो होतो. प्रत्येक नट आपापल्या पेटाऱ्याशेजारी, एका हातात आरसा, दुसऱ्या हाताच्या बोटानं स्वतःच स्वतःला रंगवतोय. रंगभूषाकार वगैरे प्रकार नाही. राजा होणारा एक वयस्कर नट भुवई कोरता कोरता शेजारच्या पोराला सांगत होता, “तू बोलत ऱ्हव, मी येतंय.” झाली तालीम! बाहेर गेल्यावर त्या दोघांनी वीस मिनिटं धर्म आणि राज्य यावर जुगलबंदी केली. पोरगं एका जागी अडकलं. पेटीवाल्यानं पायपेटीवर सूर धरला, मृदुंग वाजला, राजानं एक फेरी घेतली आणि फेरीच्या शेवटी पोराला पुढचा प्रश्न तयार करून दिला. पाहणाऱ्यांना वाटलं, हे असंच असतं.

याला मी उत्स्फूर्त म्हणणार नाही. त्या राजाच्या डोक्यात पुराणं, ओव्या, अभंग, आधीच्या शेकडो रात्रींची वाक्यं भरलेली आहेत. तमाशातल्या बतावणीत, म्हणजे विनोदी संवादांतही, सोंगाड्या असाच भरलेला असतो. कागद नाही म्हणजे तयारी नाही, असं शहरातल्या माणसाला वाटतं.

लिहिता-वाचता न येणारा माणूस रचना करू शकतो?

बहिणाबाई चौधरींचं नाव आठवा, पुढचं बोलायची गरज नाही. खानदेशातल्या शेतकरी बाई, अक्षरओळख नाही. घरात, शेतात, जात्यावर रचलं; घरच्यांनी, मुलगा सोपानदेवांनी, उतरवून ठेवलं. १९५१मध्ये त्या गेल्या आणि १९५२मध्ये आचार्य अत्र्यांच्या प्रस्तावनेसह पुस्तक आलं.

पण त्या एकट्या नव्हत्या, हे आपण विसरतो. हेमा राईरकर आणि गी पॉइटवँ यांनी गावोगाव फिरून जात्यावरच्या एक लाखाहून जास्त ओव्या जमवल्या. जातं हे तिथे यंत्रही आहे आणि तालवाद्यही. खुंटा ओढताना श्वास लागतो तेवढीच ओळ. मूठभर दाणे पडायला लागतो तेवढाच विराम. पिठाची गिरणी आली, जातं बंद झालं आणि त्याबरोबर ओवी रचण्याची जागाच गेली. प्रतिभा गेली असं कुणी म्हणणार नाही.

चित्रकार कोऱ्या कॅनव्हाससमोर काय करतात?

याच नावाचं पुस्तक प्रभाकर बरवे यांनी १९९०मध्ये मराठीत लिहिलं, ‘कोरा कॅनव्हास’. चित्रकारानं स्वतःच्या प्रक्रियेबद्दल इतक्या थंड डोक्यानं लिहिलेलं मराठीत फार नाही. बरवे रोजनिशी ठेवायचे, त्यात रेखाटनं, टिपणं, अर्धवट विचार. काही वर्षं विणकर सेवा केंद्रात नोकरी केली. त्यांच्या चित्रांत घड्याळ, पान, फळ अशा रोजच्या वस्तू येतात आणि त्यांच्यामधलं अंतर विचित्र होऊन बसतं. ते अंतर आधी वहीत शोधलेलं असतं. थोडक्यात, कॅनव्हास कोरा असतो, वही नसते. माझ्या ओळखीच्या बहुतेक चित्रकारांचं असंच आहे. घरी गेलात तर चित्र दाखवतील. वही मागा, मग बघा कसे लाजतात.

पैठणी विणणं ही तर कारागिरी. त्यात कलाकाराला वाव कुठे?

हा प्रश्न मला आवडत नाही, पण उत्तर देतो.

येवल्यात मागावर बसलेल्या माणसाकडे अर्धा तास बघा. पदराची नक्षी धोट्यानं एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे सरळ फेकून होत नाही. मोराचा निळा, मानेचा हिरवा, चोचीचा लाल, प्रत्येकाची वेगळी कांडी, आणि ती त्या रंगाच्या हद्दीपुरतीच फिरते, तिथून परत येते, शेजारच्या रंगाला अडकते. ओळ संपली की ठोकायचं, पुढची ओळ. दिवसाला पदर काही बोटं पुढे सरकतो. साधी साडी काही आठवड्यांत होईल, भरगच्च पदराला महिनोन्‌महिने जातात.

आता वाव. उभा धागा एका रंगाचा, आडवा दुसऱ्या, की कापड वळवताना रंग बदलतो, त्याला धूपछाँव म्हणतात. हा निर्णय माग लावतानाच घ्यावा लागतो. नंतर मन बदललं तर उपयोग नाही, उभे हजारो धागे आधीच ताणून झालेत. चित्रकार खरवडतो, नाटकवाला उद्याच्या प्रयोगात दुरुस्त करतो, लेखक खोडतो. विणकराला कल्पना सगळ्यात आधी, पूर्ण आणि पक्की लागते. आणि तरी, तीन महिन्यांनी तिसऱ्या मोराची मान पहिल्यापेक्षा किंचित जास्त वळलेली असते. का, म्हणून एकाला विचारलं. म्हणाला, “तोवर हात बसला होता ना.” बघा, इथेही बसणंच.

परंपरेनं ठरवून दिलेलं चित्र काढताना नवं कसं येतं?

वारली चौक लग्नाशिवाय लिहीत नसत, आणि लिहीत त्या सवाशिणी. गेरू-शेणानं सारवलेली भिंत, तांदळाचं पीठ कालवून केलेला पांढरा, बांबूची काडी टोकाला चावून केलेला कुंचला. मध्ये पालघट देवी. लग्न लावणारी धवलेरी गाणार. सगळं ठरलेलं, पुरुषाला त्यात हात घालायचं कारण नव्हतं.

जिव्या सोमा म्हसे डहाणू तालुक्यातले. लहानपणी आई गेली, मुलगा बोलायचा बंद झाला, धुळीत चित्रं काढून सांगायला लागला. मोठेपणी हा पुरुष लग्न नसताना, नुसतं मनाला आलं म्हणून काढत राहिला. सत्तरच्या दशकात चित्रकार भास्कर कुलकर्णी कागद आणि रंग घेऊन तिकडे पोचले, आणि भिंतीवरचं चित्र कागदावर आलं. कागदाला विधी नसतो. त्यामुळे मासेमारीचं जाळं आख्ख्या कागदभर पसरू शकलं, मुंग्यांची रांग चित्राचा विषय होऊ शकली. दोन त्रिकोणांचा माणूस तोच राहिला. म्हसेंना २०११मध्ये पद्मश्री मिळाली. २०१८मध्ये ते गेले. आता हॉटेलांच्या भिंतींवर आणि चहाच्या कपांवर तारपा नाच छापलेला दिसतो. त्यातले बरेचसे नाचणारे एकाच साच्यातले आहेत, हे काडीनं काढलेलं चित्र एकदा जवळून बघितलं की लगेच कळतं.

चुकून झालेलं चांगलं निघतं म्हणतात, खरं का?

एका स्पर्धेत उजेड कमी-जास्त करणारा आमचा डिमर पहिल्याच प्रवेशाला बसला. पंधरा दिवे टांगलेले, त्यातला एक जनरल दिवा तेवढा जळत होता, तोही डावीकडून. नट घाबरले, पण सगळे आपोआप त्या उजेडाकडे सरकून बोलायला लागले. अर्धा रंगमंच काळोखात. दोन पात्रं तर फक्त आवाजानं ओळखू येत होती. परीक्षकांनी प्रकाशयोजनेचं बक्षीस दिलं. मी निर्लज्जपणे घेतलं.

पुढच्या प्रयोगाला ठरवून तेच केलं. एकच दिवा, डावीकडून. नाटक आपटलं. नट आता उजेड शोधत नव्हते, ठरलेल्या जागी जाऊन उभे राहत होते. एवढंच मला या विषयावर माहीत आहे.

सिनेमात तर सगळं तंत्रज्ञानावर असतं, नाही का?

दादासाहेब फाळक्यांनी भांडवल उभं करण्यासाठी आधी वाटाण्याचं रोपटं चित्रित केलं. कुंडी, कॅमेरा, रोज थोडी थोडी फिल्म, महिनाभराहून अधिक. रोपटं पडद्यावर झरझर वाढलं, पैसे लावणाऱ्याचा विश्वास बसला. मग ३ मे १९१३ला मुंबईच्या कोरोनेशन थिएटरमध्ये ‘राजा हरिश्चंद्र’. तारामती झालेले अण्णा साळुंके हॉटेलात आचारी होते. सरस्वतीबाई फाळके दिवसा चित्रीकरणाच्या वेळी उजेड परतवायला पांढऱ्या चादरी धरायच्या, सगळ्यांचा स्वयंपाक बघायच्या आणि रात्री अंधारात फिल्मच्या कडेला भोकं पाडायच्या. तंत्रज्ञान म्हणायचं तर ते असं.

मूड नसेल तर?

नाटकाचं तिकीट विकलं गेलेलं असतं.

मध्येच अडलं की काय करतात?

गवई मुखड्यावर येतो. बंदिशीची पहिली ओळ म्हणजे कठडा. एखादी जागा फसली, तान भरकटली, तर मुखडा धरून समेवर यायचं, श्रोते मान डोलावतात, आणि पुन्हा निघायचं. बैठकीच्या लावणीत गाणारी बाई एकच ओळ दहा वेळा घेते आणि दर वेळी अदा वेगळी. यमुनाबाई वाईकरांनी ही अदाकारी आयुष्यभर जपली. तिथे अडणं आणि खुलणं यात बाहेरच्याला फरक कळत नाही. लेखक भांडी घासतात, निदान माझ्या ओळखीचे दोघं तरी. नाटकवाले चहाला जातात आणि टपरीवर तोच प्रवेश पुन्हा भांडत बसतात.

यूट्यूबवर बघून शिकता येईल का?

तंबोरा जुळवायचा कसा हे दिसेल. जुळला की नाही हे शेजारी बसलेलं माणूस सांगेल.

काम पूर्ण झालं हे कसं कळतं?

नाटक पूर्ण होत नाही. शंभराव्या प्रयोगाला एखादा नट नवी जागा काढतो आणि आधीचे नव्व्याण्णव कच्चे वाटायला लागतात. पैठणी माप भरलं की संपते. मैफल भैरवीनं संपते.

सगळ्यात स्वच्छ शेवट मूर्तीचा. पेणला, किंवा शेजारच्या हमरापूर-जोह्याकडे, आषाढात कुठल्याही कारखान्यात जा. साच्यातून निघालेला गणपती, जोडकाम, ओल्या ब्रशनं सफाई, वाळवण, पांढरा हात, अंगाचा रंग, पितांबर, दागिने. ही कामं वाटून दिलेली असतात. रेडिओ चालू, पोरं गप्पा मारताहेत. डोळ्यांची आखणी मात्र एखाद-दुसऱ्या हाताकडेच. मी पाहिलेला तो माणूस पाटावर बसला होता. ब्रशला जेमतेम चार केस. आधी दोन्ही बुबुळांच्या जागा नुसत्या ठिपक्यांनी ठरवल्या, मागे सरकून पाहिलं. मग वरची पापणी, एका ओढीत. ती ओढताना त्याचा श्वास थांबलेला होता, हे त्याच्या बनियनवरून कळत होतं. डावा डोळा झाला की उजव्याला हात लावण्याआधी तो मूर्तीकडे बघतच नाही, बाहेरच्या फणसाच्या झाडाकडे बघतो. का? “एक डोळा झाला की तो माझ्याकडे बघतो. दुसरा चुकतो मग.” असे तो दिवसाला कितीतरी गणपती आखत होता. दुसरा डोळा झाला की पोरं मूर्ती उचलून फळीवर ठेवत, आणि त्यानंतर तिला कुणी ब्रश लावत नसे.

यावर पोट भरतं का?

दशावतारी म्हणतात, रात्री राजा, सकाळी डोक्यावर बोजा. पेटारा आपला आपणच उचलून पुढच्या जत्रेला जायचं. फार बदललेलं नाही. मी स्वतः बँकेत होतो.

हे सगळं प्रत्यक्ष कुठे बघायला मिळेल?

पावसाळ्यात पुण्यात पुरुषोत्तम करंडक असतो, १९६३पासून. स्पर्धा बघाच, पण ओळख काढून एखाद्या कॉलेजच्या तालमीत आठवडाभर मागे बसा. ते जास्त कामाचं. डिसेंबरात सवाई गंधर्व महोत्सवात पहिल्या रांगेचा हट्ट सोडा आणि जमलं तर एखाद्या कलाकाराला तानपुरे जुळवताना ऐका. कार्तिकापासून पुढे सिंधुदुर्गात कुठल्याही गावात ‘धयकालो कधी’, म्हणजे दशावताराची जत्रा कधी, विचारा, कुणीही सांगेल. शाल आणि बसायला काहीतरी न्या, पहाट होते. येवल्याला दुपारी जाऊ नका, मागावरची माणसं जेवून कलंडलेली असतात.

पेणला गणपतीच्या पंधरा दिवस आधी जाऊ नका, कुणाला बोलायला वेळ नसतो. आषाढात जा. चपला बाहेर काढा. आत आखणी चालू असली तर दारातच थांबा, उजेड अडवू नका.